अण्णाची जर्सी

परवा आमच्या घरच्या ग्रुपवर भाचीनं एक फोटो टाकला. वेल्स नावाच्या देशातला कुणीतरी फुटबॉलवाला... अख्खी कारकीर्द एकाच क्लबकडून खेळला म्हणे. मोठमोठ्या क्लबांनी बोलावलं, पण गडी जागचा हलला नाही. शेवटी क्लबनं त्याच्यासाठी खास मॅच ठेवली आणि सगळं स्टेडियम उभं राहून टाळ्या वाजवत होतं.

खाली सगळ्यांचे अंगठे, बदाम, 'ग्रेट', 'अशी माणसं आता कुठे'... आणि माझं डोकंच फिरलं! अरे, असा माणूस आपल्याच घरात बसलाय की. त्याला कुणी विचारलंय का कधी?

आमचा मोठा भाऊ, अण्णा. सत्तरच्या दशकात सोलापुरात आमच्या पेठेच्या क्लबकडून फुटबॉल खेळायचा. मिलमध्ये बदली कामगार होता, म्हणजे दुसरा कुणी गैरहजर असेल तरच काम. पहाटेच्या भोंग्याला गेटवर जाऊन उभं राहायचं, मिळालं तर मिळालं, नाहीतर हात हलवत घरी. आणि संध्याकाळ झाली की मैदानावर.

दुसऱ्या एका मिलची टीम होती. त्यांनी सांगितलं, आमच्याकडून खेळ, नोकरीत कायम करतो. कायम! आमच्या आईनं, आम्ही तिला कानडीत अव्वा म्हणायचो, देवापुढे साखर ठेवली. आणि हा पठ्ठ्या चक्क नाही म्हणून आला. का, तर पेठेचा क्लब सोडून कसं जायचं!

तेव्हा पाहुणा खेळाडू आणायची पद्धत होती. एखाद्या स्पर्धेपुरता दुसऱ्या गावचा चांगला गडी बोलवायचा. अण्णालाही बोलावणी यायची, पण हा कधी कुणाचा पाहुणा झाला नाही.

तर एका वर्षी आमचा क्लब पहिल्यांदाच फायनलला गेला. पेठेत नुसता दंगा! मी तेव्हा शाळेत होते. अण्णाची जर्सी धुवायचं काम माझं, ते मी कुणाला करू द्यायची नाही. त्या दिवशी तर तांब्यात निखारे घालून कडक इस्त्री करून ठेवली होती.

फायनलच्या सकाळी क्लबचे सेक्रेटरी दारात. मला वाटलं, अण्णाला धीर द्यायला आले असतील. ते आले होते जर्सी मागायला! मिरजेहून पाहुणा बॅक, म्हणजे गोल वाचवायला मागं खेळणारा गडी आणला होता, अण्णाच्या जागेवर. आणि क्लबकडे जर्स्या मोजून अकरा.

"जरा समजून घे की अण्णा. फायनल हाय." एवढंच बोलले. अण्णानं आत येऊन जर्सी उचलली आणि घडी न मोडता त्यांच्या हातात दिली. माझ्या अंगाची नुसती लाही लाही झाली.

त्यावर कहर म्हणजे हा मॅचला गेला! रेषेच्या बाहेर बसून त्या मिरजवाल्याला ओरडून सांगत होता, डावीकडं बघ, मागं बघ. मॅच सुटली बरोबरीत. अशा वेळी दुसऱ्या दिवशी पुन्हा खेळायचं, असा तिथला नियम. पाहुण्याची नोकरी होती, तो रात्रीच्या गाडीनं मिरजेला निघून गेला. क्लबवाले मात्र तो परत येईल म्हणून दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत त्याचीच वाट बघत बसले होते.

अगदी मॅचच्या तोंडावर सेक्रेटरी पुन्हा दारात. हातात तीच जर्सी, मातीनं आणि परक्याच्या घामानं भरलेली. "अण्णाला सांग, आज तूच हायस."

तूच हायस म्हणे! आणि काल कोण होता मग? मी ती जर्सी त्यांच्या हातातून घेतली आणि त्यांच्या डोळ्यांदेखत धुण्याच्या बादलीत बुडवली. म्हटलं, वाळली की देते, या परवा. मुद्दाम केलं मी. आजही मला त्याचं जराही वाईट वाटत नाही.

अण्णा आतून आला. बादलीत हात घातला, जर्सी काढली, पिळली आणि तशीच ओलीगच्च अंगात घातली. पाणी निथळत होतं आणि हा भर रस्त्यानं मैदानाकडे चालायला लागला... मी मागोमाग.

हरलो. एका गोलनं. गोल उजवीकडून झाला, अण्णाच्या बाजूनं नाही, मी माझ्या डोळ्यांनी बघितलंय. तरी परत येताना सेक्रेटरी म्हणालेच, मिरजेचा असता तर वाचलो असतो. अण्णा खाली मान घालून चालत राहिला.

आणि पुढच्या वर्षी परत त्यांच्याकडूनच खेळला! गुडघा जाईपर्यंत खेळला. शेवटच्या मॅचला ना हार, ना नारळ... साधा चहासुद्धा कुणी पाजला नाही हो.

हे सगळं परवा मी ग्रुपवर लिहिलं, चांगलं दणकून. एक अंगठा नाही की बदाम नाही. संध्याकाळी अण्णाचा फोन आला. वाटलं, आता हा झापणार, जुनं कशाला उकरून काढतीस म्हणणार.

पण त्यानं भाचीकडून त्या वेल्सवाल्याचं सगळं वाचून घेतलं होतं. म्हणाला, "चांगला गडी दिसतोय." "पण त्याची जर्सी कोण धूत होतं गं? ते काय लिवलेलं न्हाय त्यात."



क्लबवरचा माझा राग गेलेला नाही हां. जाणारही नाही. पण फोन ठेवला आणि स्वयंपाकघरात एकटीच उभी राहून मी टाळ्या वाजवल्या, हात दुखेपर्यंत. सून धावत आली काय झालं बघायला. तिला म्हटलं, एक मॅच राहिली होती गं, ती आज झाली.