कमळीने दाखवलेलं फाटक

पनवेलपासून पुढे, डोंगराच्या पायथ्याशी कमळीची कातकरी वाडी आहे. सहा महिने वीटभट्टी, उरलेले दिवस मिळेल ती मजुरी. दोन वर्षांपूर्वी सुकापूरला राहणारी रुचिरा वाडीत यायला लागली. ती गरिबीवर फिल्म करायची, पण तिचं म्हणणं असं, की बाहेरच्यांनी तुमच्याबद्दल बोलण्यापेक्षा तुम्हीच तुमचं दाखवा. तिने चार बायकांना कॅमेरा शिकवायला घेतला. तिघी भट्टीवर गेल्या. कमळीचा पाय मोडला होता म्हणून ती राहिली, आणि शिकली.

तिने पाण्याची गोष्ट निवडली. वाडीची विहीर एका फार्महाऊसच्या कुंपणात गेली होती. तिथला राखणदार काशिराम हा कमळीचा सख्खा मामा. मालक शनिवार-रविवारीच यायचा. इतर दिवशी सकाळी मामा मागचं फाटक उघडायचा आणि बायका हंडे भरून न्यायच्या. याची वाच्यता कुणी करत नसे.

मामाने एवढंच सांगितलं होतं, माझं तोंड दाखवू नको. कमळीने कॅमेऱ्यात फक्त कडी काढणारा त्याचा हात घेतला. फिल्म आधी वाडीत दाखवली, सगळ्यांनी होकार दिला. मग ती परदेशात, गरिबीवरच्या एका परिषदेत गेली. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते, असं रुचिराने फोनवर सांगितलं, तेव्हा कमळी ते घरोघर सांगत फिरली.

महिन्याभरात त्यातला एक तुकडा मालकाच्या मोबाइलवर पोचला. त्याने आपलं फाटक ओळखलं. मामाची नोकरी गेली, राहायची खोलीही गेली. फाटकाच्या जागी भिंत आली.

कमळी लंगडत सुकापूरला गेली. रुचिराने तो तुकडा इंटरनेटवरून काढून टाकला, पण तोवर तो कुठे कुठे गेला होता. मालकाशी बोलायला ती स्वतः आली. तो शांतपणे म्हणाला, माझा कुणावर राग नाही, उद्या विहिरीत कुणी पडलं तर जबाबदार कोण? परतताना रुचिरा रस्त्यातच रडायला लागली. कमळीला तिची समजूत घालावी लागली.

विहिरीची वाट परत मिळावी म्हणून तहसील कचेरीत कमळीने फिल्म दाखवली. कागदावर तिथे वाट नाही, असं उत्तर मिळालं.

वाडीतल्या बायका तिच्याशी बोलेनाशा झाल्या. मामाने साठीत पुन्हा भट्टीची वाट धरली. तो टेम्पोत चढत असताना कमळीने त्याचे पाय धरले.

"तू खोटं काय दाखवलं नाय," तो म्हणाला. "पन आमचं खरं असं दाखवायचं नसतं, पोरी."

हल्ली पाणी हायवेपलीकडच्या नळावर मिळतं. न्हावा शेवा बंदराचे ट्रेलर एकामागून एक जात असतात. कमळीची सासू ठमाबाई हिला नीट दिसत नाही, तरी एका माणसाने आणलेलं पाणी पुरत नाही म्हणून तीही येते. कमळी एका हाताने डोक्यावरचा हंडा सावरते, दुसऱ्या हाताने म्हातारीचं मनगट घट्ट धरते आणि मोकळा रस्ता मिळायची वाट बघत उभी राहते.