गैरसमज नव्हता, पाना होता

अनुसयाबाईंना खोटं बोलता येत नाही. त्यांना त्याचा अभिमान आहे आणि गल्लीला ताप. कुणाच्या मुलीला बघायला पाहुणे आले आणि बाई दारात दिसल्या, की घरचे त्यांना घाईघाईनं चहा पाजून वाटेला लावतात. सासर विणकरांचं. घरातला हातमाग केव्हाच मोडीत गेला, तेव्हापासून बाई इतवारी बाजारातल्या दुकानांच्या साड्यांना फॉल लावतात. नवरा गेला, पोटी मूल नाही. तोंड मात्र अजून भक्कम.

त्यांच्या डाव्या भुवईवर एक वण आहे. तो शेजारच्या भूपेशनं दिलेला. दोन उन्हाळ्यांमागे त्याच्या कूलरचं गंजकं पाणी गळून दुकानाची कोरी साडी डागाळली. बाई तरातरा गेल्या आणि कूलरची वायरच उपसून आल्या. दुपारभर घाम गाळून भूपेशनं तो कूलर नुकताच सुरू केला होता, पाना अजून हातातच होता. पोराचं डोकं फिरलं, हातातला पाना सुटला आणि बाईंच्या कपाळाला टाके पडले. बाईंनी त्याच दिवशी पोलिसात रिपोर्ट दिला.

पुढे राग निवला. भूपेशनं पाय धरले, कूलरखाली बादली ठेवली. त्याची आई सुभद्रा "आपलेच दात आन् आपलेच ओठ" म्हणत वाटीभर भाजी पाठवू लागली. केस मात्र निवेना. लोखंडी हत्यारानं मारल्याचं कलम होतं आणि ते म्हणे आपसात मिटत नाही, हायकोर्टानं रद्द केलं तरच जातं. अशात भूपेशला मौद्याच्या वीज प्रकल्पात नोकरी लागली. पोलीस पडताळणीत केस निघाली. तिथल्या साहेबांनी बजावलं, सोमवारी रुजू व्हायचं तर केस संपल्याचा कागद आणा, नाहीतर जागा दुसऱ्याला देऊ.

म्हणून शुक्रवारी फिर्यादी, आरोपी आणि आरोपीची आई एकाच ऑटोतून हायकोर्टात निघाले. डबासुद्धा एकच होता.

वकील मिनल मॅडमनी जिन्यातच पढवलं, "काकू, जजसाहेब विचारतील. तुम्ही फक्त म्हणायचं, गैरसमजातून झालं, आता तक्रार नाही."

"गैरसमज कायचा वं? पाना होता तो."

"काकू, पोराच्या नोकरीचा प्रश्न आहे."

बाई वणावरून बोट फिरवत जिना चढू लागल्या. सुभद्रा मागून पायऱ्या चढता चढता देवाचं नाव घेऊ लागली.

पुकारा झाला. समोर दोन न्यायाधीश. त्यांतल्या थोरल्यांनी कागद चाळून विचारलं, "बाई, हे सगळं गैरसमजातून घडलं, असं लिहिलंय. बरोबर?"

बाईंनी पदर सारखा केला. "नाही साहेब. यानं मले मारलं. रागानं मारलं. हे पाहा." आणि वण दाखवला.

मिनल मॅडमचा चेहरा पांढराफटक पडला. भूपेशनं मान खाली घातली. गेली नोकरी.

"मग केस रद्द करा असं का म्हणता? कुणी दबाव आणला का?"

"माह्यावर कोण दबाव आणते, साहेब!"

मागच्या बाकावर कुणीतरी फिसकन हसलं. न्यायाधीश हसले नाहीत. "मग?"

"साहेब, रिपोर्टात अर्धंच आलं. पाना लागल्यावर यानंच मले गाडीवर बसवून दवाखान्यात नेलं. टाके घालेपर्यंत हात धरून बसला. मी म्हटलं, पोट्ट्या, मी आता ठाण्यात जातो अन् तुह्यावर रिपोर्ट देतो. तर म्हणे, उन्हात पायी कुठं जाता काकू, बसा, सोडून देतो. अन् सोडलं ना! मी आत रिपोर्ट देऊन राहिली, अन् हा बाहेर माही वाट पाहून राहिला. पोलिसाले याले शोधावंच नाही लागलं."

आता न्यायाधीशही हसले. बाई मात्र हसल्या नाहीत.

"यानं मारलं, हे खोटं नाही साहेब. पण हे बी खोटं नाही. माह्या पोटचा असता, तर त्यानं अजून काय केलं असतं?"

थोरल्या न्यायाधीशांनी चष्मा काढून पुसला आणि इंग्रजीत काहीतरी सांगायला सुरुवात केली. बाईंना एक अक्षर कळलं नाही. मिनल मॅडमच्या गालांवर रंग परतला, तेव्हा बाई काय ते समजल्या. गुन्हा रद्द झाला होता.

बाहेर सुभद्रानं त्यांचा दंड धरला. "जीव घेतला वं बाई माहा!"

"काहून? मी काय खोटं बोलली?"

भूपेश ऑटो घेऊन आला. "बसा काकू." बाई बसल्या. सोमवारपासून हा मौद्याला जाणार, तिकडेच खोली करणार. मग गल्लीत भांडायचं कुणाशी आणि उन्हात "बसा काकू" म्हणणारं कोण? बाईंना एकदम रडू फुटलं. केस सुटल्याच्या आनंदानं बाई रडतात असं समजून सुभद्रानं त्यांना जवळ घेतलं, तीही रडली.

बाईंनी तिचा गैरसमज दूर केला नाही.