मांगरातली गाडी

कुडाळच्या शोरूममध्ये मी नोकरीला लागलो तेव्हा गाडी घ्यायला अख्खं घर यायचं. म्हाताऱ्यांपासून तान्ह्या पोरापर्यंत सगळे रिक्षात कोंबून यायचे, सोबत नारळ आणि अगरबत्ती असायची. आता गिऱ्हाईक सगळं मोबाईलवर बघून येतं. त्याला मला विचारायचं उरतं ते एवढंच, की किंमत अजून किती कमी होईल. वीस-बावीस वर्षं बोलून बोलून माझा घसा कायमचा बसला आहे. महिना संपत आला की जेवणाची वेळ चुकते, झोप उडते, आणि एक तारखेला मॅनेजरच्या केबिनमधली विक्रीच्या आकड्यांची पाटी पुसून पुन्हा कोरी होते. इतक्या वर्षांत ती पाटी बघण्याची सवय मला झालेली नाही.

आमच्या जिल्ह्यात एक गाडी अशी खपते, जी चालवायला कोणी घेत नाही. मुंबई-पुण्यातले मुलगे मे महिन्यात येतात, गाडी बुक करतात आणि गावच्या घरासमोर, खळ्यात उभी करून जातात. चतुर्थीला आलं, जत्रेला आलं की आठ-दहा दिवस हिंडायला बरी. बाकी वर्षभर ती कव्हर घालून उभी. खाऱ्या हवेने खालचा पत्रा गंजतो, बॅटरी बसते, सीटवर बुरशी धरते आणि बॉनेटखाली उंदीर वायरी खातात. अशा गाड्यांच्या मालकांना फोन करणं, मेकॅनिक घेऊन त्यांच्या घरी जाणं हे काम हळूहळू माझ्याकडे आलं. नव्या पोरांना ते नको असायचं आणि मला नाही म्हणता आलं नाही.

मसुऱ्याच्या काकी मला अशाच भेटल्या. त्यांचे यजमान शाळेत मास्तर होते. ते गेले त्याच्या पुढच्या मे महिन्यात दोन्ही मुलगे येऊन एक पांढरी छोटी गाडी घेऊन गेले. ती गाडी मीच विकली. घराला लागून त्यांचा मांगर होता, लाकडं आणि गवत ठेवायची जुनी खोप. तो रिकामा करून गाडी आत लावली, पोचवायला मीही गेलो होतो. काकी तेव्हा दाराशी उभ्या होत्या. गाडीला हळदकुंकू त्यांनी लावलं, पण आत बसून बघा म्हणून त्यांना कोणी म्हटलं नाही. मीही म्हटलं नाही.

पुढची दोन वर्षं मी वर्षातून दोनदा जायचो. काकी कोकम सरबत द्यायच्या, मेकॅनिक बॅटरी चार्ज करायचा, मी कागदावर लिहून घ्यायचो. काकींचं वय तेव्हा साठीच्या आसपास. ताठ बाई. काजूची बाग स्वतः बघायच्या.

तिसऱ्या वर्षी आंगणेवाडीची जत्रा उलटली आणि चार दिवसांनी मी गेलो. त्या दिवशी सरबत आलं नाही. काकी सरळ मांगरात आल्या आणि मेकॅनिकच्या मागे उभ्या राहिल्या.

"रे, ही गाडी माका शिकव," त्या मला म्हणाल्या.

मला वाटलं, गंमत करतायत. मी हसलो.

"हसा नको. जत्रेच्या दिवशी शेजारीण काजीच्या बागेत पडली. पाय मोडलो. रिक्षा सगळ्यो जत्रेक. दोन तास ती खळ्यात पडान होती, आणि ही," त्यांनी गाडीच्या टपावर हात मारला, "ही हय वीस पावलांर उभी. चावी माझ्या कपाटात. मी काय करूचा होता? चावी हातात घेवन बसलंय."

त्या दोन तासांचं त्यांनी पुढे कधीच काही सांगितलं नाही. पण त्या दिवशी त्यांचा आवाज कापत होता, आणि कापतोय हे त्यांना आवडत नव्हतं.

मी म्हटलं, "काकी, कुडाळात ड्रायव्हिंग स्कूल आसा."

"थय जावक मी पयली एसटी पकडू, मगे गाडी शिकू, मगे परत एसटीची वाट बघू. तू येतंसच मां हय?"

रविवार ही माझी एकच सुट्टी. त्या दिवशी मी दुपारपर्यंत झोपायचो. बायको म्हणाली, "तुम्हाला नाही म्हणायला कधी येणार?" शिकाऊ लायसनचं, डॉक्टरच्या दाखल्याचं सगळं मी केलं आणि पावसाळ्यापर्यंतचे रविवार मसुऱ्याला गेलो.

गावाबाहेर सड्यावर, म्हणजे वरच्या माळावर, मोकळा कातळ आहे. तिथे आम्ही जायचो. काकी गाडीत बसताना चपला काढून मागे ठेवायच्या. पायाला कळायला हवं, असं म्हणायच्या. पहिल्या दिवशी गाडी अकरा वेळा बंद पडली, त्यांनीच मोजलं. मी कंटाळून बाहेर बघत बसायचो. माझ्या डोक्यात सोमवारच्या मीटिंगचे विचार असायचे. त्यांच्या ते लक्षात यायचं. एकदा त्यांनी गाडी मध्येच थांबवली आणि म्हणाल्या, "तुका झोप येता तर झोप. मी हळूहळू फिरवतंय." आणि मी खरोखर झोपलो. जाग आली तेव्हा गाडी कातळाच्या दुसऱ्या टोकाला होती आणि काकी मागे बघत रिव्हर्स घेत होत्या. शिकाऊ माणसाच्या शेजारी झोपणं किती चुकीचं होतं हे मला तेव्हाही कळत होतं. पण त्या वर्षातली ती माझी सगळ्यात शांत झोप होती.

पहिल्या टेस्टला त्या नापास झाल्या. चढावर गाडी मागे आली. ओरोसच्या आरटीओतून परत येताना वाटेतला प्रत्येक चढाव बघत होत्या. घरी आल्यावर म्हणाल्या, "चढाव खंय बरो गावतलो?" मग आम्ही तीन रविवार एकाच चढावर घासले. दुसऱ्यांदा त्या पास झाल्या. लायसन घरी आलं तेव्हा त्यांनी मला फोन केला आणि त्यावरचा फोटो किती वाईट आलाय तेच सांगत बसल्या.

त्यानंतर मांगराचं दार उघडंच असायचं. बॅटरी कधी बसली नाही. त्या मासे आणायला मालवणला जायच्या, शेजारणीला पट्टी काढायला दवाखान्यात घेऊन गेल्या, भजनाच्या बायकांना दुसऱ्या गावी सोडून आल्या. गाडीला डाव्या अंगाला एक लांब ओरखडा आला, तो त्यांनी दुरुस्त करू दिला नाही. एवढ्याशासाठी गाडी दोन दिवस कोण देणार, म्हणाल्या. सर्व्हिसिंगला गाडी आली की आतून माशांचा वास यायचा आणि आमची पोरं नाक मुरडायची.

असं वर्षभर चाललं. मग एका महिन्याच्या अखेरीला थोरल्या मुलाचा मला फोन आला.

"आई गाडी चालवते, हे आम्हाला बाहेरून कळतंय," तो म्हणाला. "कोणीतरी व्हिडिओ पाठवला. तुम्ही शिकवलंत म्हणे."

मी हो म्हटलं.

"तुमचा हेतू चांगला असेल, पण उद्या काही झालं तर? आम्ही इथे. आम्ही ठरवलंय, मला इकडे मोठी गाडी घ्यायचीच आहे. ही एक्स्चेंजला देऊन टाकतो. नवी तुमच्याकडूनच बुक करतो, म्हणजे तुमचंही काम होईल. तुम्ही फक्त आईची सही घेऊन गाडी उचला."

मॅनेजरला हे कळलं तेव्हा त्याने माझ्या पाठीवर थाप मारली. त्या महिन्यात पाटीवर माझ्या नावापुढे फार काही नव्हतं. मी फॉर्म बॅगेत घातले, गाडी आणायला एक ड्रायव्हर सोबत घेतला आणि मसुऱ्याला गेलो. वाटेत मी स्वतःला समजावत होतो की हे त्यांच्या घरचं प्रकरण आहे, मुलगे काळजीपोटीच बोलतायत, माझं काम कागद नेण्याचं. आणि खरं सांगायचं तर मी इतका दमलो होतो की एकदाचं होऊन जावं असंच वाटत होतं.

काकी पडवीत काजूच्या बिया निवडत होत्या. मुलाने त्यांना सकाळीच फोन केला होता. त्यांनी सूप बाजूला ठेवलं, हात पुसले आणि चष्मा लावला. मी फॉर्म पुढे केले आणि जिथे सही हवी तिथे पेन्सिलीने फुल्या मारून ठेवल्या होत्या त्या दाखवल्या.

त्यांनी पेन घेतलं. मग थांबल्या.

"गाडी पोरांची. मगे सही माझी कित्याक?"

मी म्हणू शकलो असतो की नुसती रीत आहे. अशा वेळी आम्ही तेच म्हणतो. गिऱ्हाईक पेन हातात धरून थांबलं की त्याला बोलायला जागा द्यायची नाही, हे मला नोकरीच्या पहिल्या वर्षी शिकवलं होतं आणि मी पुढे कितीतरी जणांना शिकवलं. पण जिभेवर ते येईना.

"गाडी तुमच्या नावार आसा, काकी," मी म्हटलं. "पत्तो हयलो लागता म्हणान तेव्हा तुमची सही घेवन तुमच्या नावार घेतल्यानी. पयल्यापासून तुमचीच आसा."

"माझी?"

"व्हय."

"आणि मी सही नाय केलंय तर?"

"तर विकली जावची नाय."

ड्रायव्हर खळ्यात सुपारीच्या झाडाखाली उभा होता, तो माझ्याकडे बघायला लागला. काकींनी पेनाला टोपण लावलं. मोबाईल घेतला, थोरल्याला फोन लावला आणि मला ऐकू येईल असा मध्ये ठेवला.

"रे, गाडी माझ्या नावार आसा?"

"आहे गं. म्हणजे नुसती कागदोपत्री."

"मगे कागदार मी सही करूचंय नाय."

तो म्हणाला, "आई, हट्ट करू नकोस. रस्त्यावर काही झालं तर?"

"काय झाला तर तुमका फोन येतलो. गाडी नसली तरी फोनच येतलो."

त्यांचा आवाज चढला नव्हता. मुलगा मग बराच वेळ बोलत राहिला, त्यात माझाही उद्धार झाला. काकी ऐकून घेत होत्या आणि बिया निवडत होत्या. शेवटी त्यांनी विचारलं, "जेवलंस?" त्याने हो म्हटलं आणि फोन ठेवला.

मी रिकाम्या हाताने कुडाळला आलो. थोरल्याने नवी गाडी मुंबईतच दुसरीकडे घेतली. मॅनेजरने मला केबिनमध्ये बोलावलं, दार लावलं आणि विचारलं, "तुला हे सांगायची काय गरज होती?" मी म्हटलं, "त्यांनी विचारलं." पुढच्या महिन्यापासून मला विक्रीतून काढून विम्याच्या नूतनीकरणाच्या फोनवर बसवलं. वाईट वाटायला हवं होतं. वाटलं ते एवढंच, की आता उभं तरी राहावं लागणार नाही.

त्या चतुर्थीला मुलगे आले ते रेल्वेने. काकी त्यांना आणायला कुडाळ स्टेशनवर गेल्या होत्या. नंतर त्यांनीच मला सांगितलं की थोरला मागे बसला आणि घर येईपर्यंत दाराची कडी धरून होता. धाकटा पुढे बसला आणि झोपला. उतरल्यावर थोरला फक्त एवढंच म्हणाला की ब्रेक जरा घट्ट वाटतायत, दाखवून घे. त्यांनी दुसऱ्याच आठवड्यात दाखवून घेतले.

आणखी दोन वर्षं त्यांनी गाडी चालवली. मग एका सकाळी त्या शोरूमला आल्या, एसटीने. माझ्या टेबलासमोर बसल्या आणि चावी ठेवली.

"आता विकूक हरकत नाय," त्या म्हणाल्या.

डोळ्याच्या पडद्याचा काहीतरी त्रास निघाला होता. ऑपरेशनने सुधारण्यातला नव्हता. डॉक्टरांनी गाडी चालवू नका असं सांगितलं होतं. मुलांना त्यांनी अजून कळवलं नव्हतं.

"समोरसून येणारी एसटी एकदा माका दिसलीच नाय," त्या म्हणाल्या. "कोणाक काय झाला नाय. पण तेच्या आधीच माका कळाक होया होता."

मी गिऱ्हाईक शोधलं. गावातलीच एक नर्स होती, नुकतीच गाडी चालवायला शिकलेली. काकींनी तिला घरी बोलावलं, चहा दिला आणि तिच्याशेजारी बसून सड्यापर्यंत एक फेरी मारून आल्या. मगच हो म्हणाल्या. गाडीतल्या माशांच्या वासाबद्दल त्यांनीच आधी सांगितलं.

कागद झाले त्या दिवशी मी त्यांना डेमोच्या गाडीतून घरी सोडायला निघालो. दुपारची वेळ होती. काकी पुढे बसल्या होत्या, पदर खांद्यावरून घेऊन, हात मांडीवर. गतिरोधक यायच्या आधीच त्या सांगायच्या, "आता बंपर आसा." प्रत्येक वळण त्यांना पाठ होतं. कातळाचा रस्ता आला तेव्हा त्यांनी मान दुसरीकडे वळवली आणि मीही गाडी जरा वेगात काढली.

घरी पोचल्यावर त्या म्हणाल्या, "चहा घेवन जा."

मी म्हटलं, "नको काकी, मालवणात एक गिऱ्हाईक आसा. माणसां कमी आसत म्हणान परत माकाच धाडतत."

त्या उतरल्या, दार लावलं आणि खिडकीतून वाकून माझ्याकडे नीट बघितलं, त्यांना जितकं दिसत होतं तितकं.

"रे, तू दमलंस," त्या म्हणाल्या.

शोरूममध्ये माझ्याबद्दल बरंच काही बोललं जातं. हे मात्र आजवर कोणी बोललं नव्हतं. मी इंजिन बंद केलं आणि पडवीत जाऊन बसलो. चहा झाला, मग त्यांनी भाकरी आणली, मग दुसऱ्यांदा चहा. मालवणचा माणूस दोनदा फोन करून थांबला. संध्याकाळी मी तिथे पोचलो तेव्हा त्याने दुसऱ्याच कंपनीची गाडी बुक केली होती.