टेलचे हत्ती

मी शाळेत भूगोल शिकवतो. घरी कोणी विचारलं नाही तरी शिकवतो. एका उन्हाळ्यात वडिलांना मोबाईलवर आफ्रिकेतली ओकावांगो नदी दाखवली. पाऊस लांबच्या डोंगरांत पडतो, पाणी काही महिन्यांनी, ऐन कोरड्या दिवसांत वाळवंटात पोचतं आणि तिथंच पसरून संपतं. त्यात हत्ती पोहत होते, पाणघोडे डुंबत होते.

आमचं शेत कालव्याच्या शेवटच्या टोकाला, म्हणजे टेलला. धरणातून पाण्याचं आवर्तन सुटलं तरी ते आमच्यापर्यंत क्वचितच येतं.

"हे आवर्तन कोन सोडतं?" वडिलांनी विचारलं.

"कोणी नाही. आपोआप येतं."

"पार टेलपर्यंत?"

"हो."

ते बराच वेळ हत्तींकडे बघत राहिले. मग मोबाईल परत देत म्हणाले, "वर कुनी ऊस लावत नसंल."