सोमवारचं पाणी

नवऱ्यानं जाण्याच्या आदल्या साली विहिरीजवळ मोसंबीची रोपं लावली होती. आम्हाला मूलबाळ नाही. मागं राहिली ती ही झाडंच. म्हणून दुष्काळात धाकटा दीर सामाईक विहिरीवर मला पाय ठेवू देईना, तेव्हा मी उठले आणि सरळ कोर्टात गेले. ह्याच पोराला मी हातानं भाकरी चुरून जेवू घातलं होतं! राग येणार नाही तर काय?

हुकूम माझ्या बाजूनं झाला. आठवड्यातून एक दिवस विहीर हिची. वार कोणता ते काही त्यात लिहिलं नव्हतं. दीर शांतपणे म्हणाला, "घ्या की वैनी, सोमवार तुमचा."

झालं! आमच्या शिवारात तेव्हा वीज नव्हती, बैलजोडीच्या मोटेनंच पाणी निघायचं. आणि आम्हा लिंगायतांत सोमवारी बैलाच्या खांद्यावर जू ठेवत नाहीत. बैल म्हणजे महादेवाचा नंदी, त्या दिवशी त्याला आराम. चार सोमवार मी पाणी असलेल्या विहिरीच्या काठावर बसून राहिले. झाडांची पानं वळायला लागली. मग मात्र माझं टाळकं सरकलं. कोर्टाचा अवमान केला म्हणून मी दिरावर अर्जच टाकला.

लातूर जिल्हा नवाच झालेला, कोर्टात अजून चुन्याचा वास होता. न्यायाधीश तिकडं कोकणातले कुठले तरी.

"बाई, यांनी दिवस दिलाय ना? मग अवमान कसला?" ते म्हणाले. मागं कुणीतरी फिसकन हसलं.

"दिलाय साहेब, पन सोमवार दिलाय! त्यांनाच इचारा, सोमवारी त्ये बैल जुंपतेत का?"

साहेबांनी विचारलं. दिराचा हात आपसूक गळ्यातल्या लिंगाकडं गेला. तिथं हात ठेवून खोटं कसं बोलणार?

"न्हाई साहेब," तो पुटपुटला.

साहेब भडकलेच. जेलात घालीन म्हणाले. भर कोर्टात दिरानं हात जोडून माफी मागितली. मला गुरुवार मिळाला. जिंकले मी! लई खूश व्हायला पाहिजे होतं. परतीच्या एसटीत तो पुढं बसला, मी मागं. एरवी रुमाल टाकून माझी जागा धरणारा तो, एकदाही वळून बघितलं नाही त्यानं. मला एकदम परक्या मुलखात आल्यासारखं वाटलं.

गुरुवारी पहाटे मी बैल सोडला. एकच. वाटणीत आम्हाला एकेक बैल आला होता. पहिले आम्ही दोघांचे मिळून जोडी जुंपायचो. भांडण झाल्यापासून मी औताला शेजारच्या म्हाताऱ्याचा बैल मागून आणायची. त्याच्या दारात गेले तर तो म्हणाला, "बैल लंगडायलाय, माय." बैल चांगला चारी पायांवर उभा राहून कडबा खात होता. दुसऱ्या घरी गेले, तिसऱ्या घरी गेले. दिराला कोर्टात हात जोडायला लावणारी बाई मी. गावात कुणाचाच बैल मोकळा नव्हता.

विहिरीवर आले. दिराचा बैल त्याच्या बांधावर बांधलेला होता, कारण आज विहीर माझी. माझ्या बैलानं तिकडं मान वळवली, हंबरला. तिकडून तोही हंबरला. किती वर्षं एका जुवाखाली चाललेले ते!

दीर बैलाशेजारीच बसला होता. मला वाटलं, आता म्हणंल, "वैनी, न्या." त्यालाही वाटलं असंल, आता ही मागंल. ऊन डोक्यावर येईस्तोवर आम्ही दोघं तसेच बसलो. मग मी घागरीनं शेंदून जमंल तेवढं पाणी झाडांना घातलं.

झाडं त्या उन्हाळ्यात गेली. गुरुवार अजून माझाच आहे.