कुपनावरचं तूप

स्वस्त मालाच्या त्या मोठ्या दुकानात बिलाच्या रांगेत माझ्यापुढे एक बाई होती. तिने पैशांऐवजी कुठल्याशा ट्रस्टचं महिन्याच्या किराण्याचं कूपन पुढे केलं. काउंटरवरच्या मुलाने लांब बसलेल्या मॅनेजरला तिथूनच हाक मारली, "सर, कूपन आलंय!" झालं, अख्खी रांग तिच्या टोपलीत डोकावली. तांदूळ, तूरडाळ, अंगाचा साबण आणि तुपाची एक छोटी बरणी.

"फुकटच्या कुपनावर तूप खायचंय!" माझ्या मागची बाई सगळ्यांना ऐकू जाईल अशा बेताने म्हणाली.

"ताई, तूप चालतं कुपनावर," मुलगा म्हणाला.

"नको. राहू दे." तिने बरणी बाजूला सारली, पिशवी भरली आणि मान खाली घालून निघून गेली.

गरिबाने डाळभात खावा आणि वर आपले आभार मानावेत, इथपर्यंत आपली दया पोचते. त्या भातावर तूप दिसलं की लगेच आपल्या पोटात दुखतं. माझ्या टोपलीत काजू होते, दोन तऱ्हांचं चीज होतं, आणि घरात खाणारी मी एकटी. तिथे डोकावायला कोणी आलं नाही. मी ती टोपली काउंटरवर रिकामी केली.

माझं बिल झालं. "मॅडम, एवढ्या खरेदीवर तूप फ्री आहे," असं म्हणत मुलाने तीच बरणी उचलून माझ्या पिशवीत ठेवली.

"अय्या, छान स्कीम आहे हो!" मागची बाई म्हणाली.