हिरवं वरण, पिवळा भात

लोकांना माहिती एका नजरेत कळावी, यासाठी मला पगार मिळतो.

म्हणून धाकट्या बहिणीच्या, सुमीच्या साखरपुड्याला मी फोनवर एक देखणी स्क्रीन करून दिली. स्वयंपाक आमच्या कडाव गावात तीन घरांच्या अंगणांत चाललेला आणि वाढपाचा कारभार मांडवात बसलेल्या आमच्या आबांकडे. प्रत्येक पदार्थाला एक चौकोन. शिजतोय तोवर पिवळा, तयार झाला की हिरवा. वाचायची भानगडच नाही! (ऑफिसात टाळ्या पडल्या असत्या.)

खालापूरकडचे पाहुणे पंगतीला बसले. आबांनी फोन पाहिला आणि वाढप्यांना फर्मावलं, "भाताचा टोप उचला." भातावर लक्ष ठेवणारी काकू नेमकी साडी बदलायला गेली होती. टोप आला, भात पानांत पडला. वरणाचा मात्र पत्ता नाही.

होणाऱ्या विहीणबाईंनी पहिला घास घेतला. तो चावल्याचा आवाज मला मांडवाच्या दुसऱ्या टोकाला ऐकू आला! त्या मुळातच या सोयरिकीला कशाबशा तयार झाल्या होत्या. सुमीला रडू फुटायचंच बाकी होतं.

मी आबांकडे धावले. "आबा, भात पिवळा होता ना?"

"मग? पिवळा झाला म्हणूनच काढला."

"आणि वरण?"

"ते हिरवं हाय गं अजून. कच्चं कशाला आणायचं?"

जन्मभर भातशेती केलेल्या माणसाला मी हिरवा म्हणजे तयार, असं सांगत होते!

मी विहीणबाईंपुढे हात जोडून सगळं सांगितलं. त्यांच्या यजमानांनी फोन मागून घेतला, नीट निरखला आणि नवऱ्यामुलाला म्हणाले, "यांचं काय चुकलं रं? हिरवं पीक आमी तरी कापलं असतं का?"

तेव्हा कुठे विहीणबाई हसल्या. "पोरी, तुज्या हापिसात भात लावणारं कोनी नाय का गं?" असं म्हणत पदर खोचून उठल्या आणि काकूबरोबर टोप पुन्हा चुलीवर चढवायला गेल्या. सुमीचं लग्न आणि माझी अब्रू, दोन्ही त्या माउलीने वाचवली. त्यांचे उपकार मी अजून विसरलेले नाही.

लग्नाला मी रंग उलटे करून नवी स्क्रीन आणली होती. सुमीने फोन काढून घेतला आणि हातात पाण्याचा जग दिला. पेला रिकामा दिसला की भरायचा. एवढं मात्र मला एका नजरेत कळतं.